गांजा कायदेशीर, गिऱ्हाईक तयार, तरी कंपन्या तोट्यात: कॅनडात नेमकं काय घडलं?

17 ऑक्टोबर 2018 रोजी कॅनडाने गांजा कायदेशीर केला. उरुग्वेनंतर देशपातळीवर असा निर्णय घेणारा तो जगातला दुसरा देश. तेव्हापासून आपल्याकडे गांजाच्या कायद्याचा विषय निघाला की कॅनडाचं नाव हटकून येतं, आणि तेही दोन टोकांनी. एक जण म्हणतो, तिकडे सगळं मोकळं सोडलं. दुसरा म्हणतो, सरकारची तिजोरी भरली आणि शेतकऱ्याला सोन्याचं पीक मिळालं.

दोन्ही समजुती चुकीच्या आहेत. तिथली कायदेशीर विक्री वर्षाला 5 अब्ज कॅनेडियन डॉलरच्या पुढे गेली आहे. तरीही परवानाधारक उत्पादकांपैकी अनेकांनी गाशा गुंडाळला, कित्येकांनी न्यायालयात जाऊन देणेकऱ्यांपासून संरक्षण मागितलं. त्यांच्या देण्यांच्या यादीत बऱ्याचदा वरच्या क्रमांकावर होता तो सरकारचा थकलेला कर. माल विकला जातो, पण पिकवणाऱ्याच्या हाती काही उरत नाही. हे कसं होतं, ते मुळापासून पाहू.

## आधी चार शब्द

झाड एकच. मादी झाडाच्या फुलांचे शेंडे वाळवले की गांजा, त्यावरची राळ गोळा केली की चरस, आणि पानं वाटली की भांग. नशा येते ती टीएचसी नावाच्या द्रव्याने. सीबीडी नावाचं दुसरं द्रव्य नशा आणत नाही. ज्या वाणाच्या फुलोऱ्यात आणि पानांत टीएचसी 0.3 टक्क्यांपेक्षा जास्त नसतं, त्याला कॅनडात औद्योगिक हेम्प म्हणतात. ते धाग्यासाठी आणि बियांसाठी लावतात, त्याचा परवाना वेगळा.

वाळलेल्या फुलात बहुतेक टीएचसी आम्लाच्या रूपात असतं आणि उष्णता मिळाल्यावरच त्याचं नशा आणणाऱ्या टीएचसीत रूपांतर होतं. म्हणून 2025 मध्ये नियम बदलेपर्यंत कॅनडातल्या पाकिटावर दोन आकडे छापावे लागत. पहिला आत्ताचा, उदाहरणार्थ ग्रॅममागे 5 मिलिग्रॅम. दुसरा तापवल्यावरचा एकूण आकडा, ग्रॅममागे 200 मिलिग्रॅम, म्हणजे 20 टक्के. पहिला आकडा वाचून ‘हे तर अगदी सौम्य’ अशी समजूत करून घेणं ही नवख्याची नेहमीची चूक असे.

## 2018 च्या आधी काय होतं?

कॅनडात 1923 पासून बंदी होती. 2001 मध्ये न्यायालयाच्या निकालामुळे सरकारला रुग्णांसाठी वाट काढावी लागली. वैद्यकीय परवानगी असलेला रुग्ण स्वतःपुरती झाडं लावू शकत होता किंवा दुसऱ्याकडून लावून घेऊ शकत होता. 2013 च्या नियमांनी कंपन्यांना रुग्णांसाठी व्यापारी लागवड करायला परवानगी दिली. आजचा उद्योग जन्मला तो तिथे. 2015 ची निवडणूक जस्टिन ट्रूडो यांच्या लिबरल पक्षाने जिंकली, तेव्हा त्यांच्या जाहीरनाम्यात हे वचन होतं. माजी मंत्री ॲन मॅक्लेलन यांच्या अध्यक्षतेखालच्या कार्यगटाने डिसेंबर 2016 मध्ये अहवाल दिला आणि जून 2018 मध्ये कायदा मंजूर झाला.

या कायद्याने आपली उद्दिष्टं स्वतःच लिहून ठेवली आहेत: अल्पवयीन मुलांपासून गांजा दूर ठेवणं, गुन्हेगारांचा नफा तोडणं, आणि प्रौढांना तपासलेला माल मिळेल अशी सोय करणं. उद्योग वाढावा, भागधारकांना परतावा मिळावा, हे त्यात प्राधान्याने कुठेही नव्हतं. पुढचा सगळा घोळ या एका गोष्टीकडे झालेल्या दुर्लक्षातून निघाला, असं माझं मत आहे.

## मग ही मोकळीक कितपत?

प्रौढ माणूस सार्वजनिक ठिकाणी 30 ग्रॅमपर्यंत वाळलेला गांजा बाळगू शकतो आणि घरटी चार झाडं लावू शकतो. झाडं घरटी चार, माणशी चार नव्हेत. क्यूबेकने घरच्या लागवडीवर बंदी घातली आणि 2023 मध्ये कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने ती वैध ठरवली. किमान वय बहुतेक प्रांतांत 19, अल्बर्टात 18 आणि क्यूबेकमध्ये 21. अल्पवयीन मुलाला माल पुरवणाऱ्याला 14 वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

30 ग्रॅमचा हिशेब मालागणिक बदलतो. कायद्यात एक वजनमाप ठरलेलं आहे: 1 ग्रॅम वाळलेला गांजा म्हणजे 5 ग्रॅम ओला, 15 ग्रॅम खाद्यपदार्थ, किंवा पाव ग्रॅम अर्क. पेयांच्या बाबतीत इथे मोठी गफलत झाली होती. आधी 1 ग्रॅम म्हणजे 70 ग्रॅम पेय असं धरलं, त्यामुळे 355 मिलिलिटरचे जेमतेम पाच डबे जवळ बाळगता येत. त्या डब्यांत टीएचसी अगदी थोडं असूनही! डिसेंबर 2022 मध्ये तो आकडा 570 ग्रॅम केला आणि मर्यादा 48 डब्यांवर गेली. नियम लिहिताना एक आकडा चुकला, तर तीन वर्षं त्या मालाचा बाजार कसा आखडतो, याचं हे उत्तम उदाहरण.

## रोपापासून गल्ल्यापर्यंत

लागवडीचा परवाना देतं केंद्राचं आरोग्य खातं, म्हणजे हेल्थ कॅनडा. परवान्यांचे प्रकार आहेत: मोठी लागवड, छोटी लागवड, रोपवाटिका, प्रक्रिया. छोट्या लागवडीला सुरुवातीला 200 चौरस मीटर मर्यादा होती, मार्च 2025 मध्ये ती 800 केली. जबाबदार व्यक्तींची सुरक्षा तपासणी होते. भिंती, कॅमेरे, प्रवेशाच्या नोंदी हे सगळं ठरवून दिलेलं असतं. मे 2019 पासून आणखी एक अट आली: अर्ज करताना जागा पूर्ण बांधून तयार हवी. म्हणजे परवाना मिळेल की नाही हे कळण्याआधी पैसे घालायचे. छोट्या शेतकऱ्याची दमछाक इथेच सुरू होते.

पीक आलं की वाळवणं, सुकी पानं छाटणं आणि मग चाचण्या: जंतू आणि बुरशी, जड धातू, कीटकनाशकांचे अंश, आणि टीएचसी-सीबीडीचं प्रमाण. गांजाचं फूल घट्ट असतं, आतली हवा खेळत नाही. मोठ्या काचघरात आर्द्रता थोडी चढली की फुलाच्या पोटात बुरशी धरते आणि ती बाहेरून दिसत नाही. द्राक्षबागेत घडाच्या आत भुरी शिरल्यावर काय होतं, हे नाशिक-सांगलीच्या बागायतदाराला सांगायला नको. टोमॅटो आणि मिरचीसाठी बांधलेली अवाढव्य ग्रीनहाऊसं रातोरात गांजासाठी घेतली गेली, पण हे पीक टोमॅटोसारखं वागत नाही, हे त्या कंपन्यांना लाखो डॉलर घालवून कळलं.

पाकीट एकरंगी, चकाकी नसलेलं, लहान मुलाला उघडता न येणारं. त्यावर पिवळ्या चौकटीत आरोग्याचा इशारा आणि टीएचसीचं लाल अष्टकोनी चिन्ह. व्यक्ती, प्राणी, चैनीचं आयुष्य असं काही दाखवायचं नाही, खेळाडू-कलाकारांची जाहिरात नाही, प्रायोजकत्व नाही. त्यामुळे ‘ब्रँड’ उभा करण्याची नेहमीची सगळी हत्यारं उत्पादकाच्या हातून जातात. उरतात दोनच गोष्टी: किंमत, आणि टीएचसीचा टक्का. गिऱ्हाईक जास्त टक्क्याचं पाकीट उचलतं, म्हणून ज्या प्रयोगशाळेतून आकडा चढा येतो तिच्याकडे नमुने जाऊ लागतात. चाचणीचं शुल्क उत्पादक देतो आणि प्रयोगशाळाही तोच निवडतो. या रचनेत टक्का फुगणार, हे उघडच होतं.

पाकीट तयार झालं तरी ते थेट दुकानात जात नाही. बहुतेक प्रांतांत घाऊक खरेदीदार एकच असतो, आणि तो म्हणजे प्रांताची स्वतःची संस्था. ऑन्टॅरिओत ओसीएस, क्यूबेकमध्ये एसक्यूडीसी. ऑन्टॅरिओत पुढची दुकानं खासगी आहेत, क्यूबेकमध्ये दुकानंही सरकारी. आपल्याकडे 1972 पासून कापूस एकाधिकार खरेदी योजना होती, ती आठवा: खरेदीदार एकच, सरकार. मोठा फरक हा की तिथे हमीभाव नाही आणि माल उचलण्याची सक्तीही नाही. संस्थेने यादीतून नाव काढलं की त्या प्रांतात त्या मालाची विक्री संपली.

## खरी गाठ: ग्रॅमला एक डॉलर

आता मुख्य मुद्दा, उत्पादन शुल्क. नियम असा: वाळलेल्या फुलावर ग्रॅममागे 1 डॉलर किंवा उत्पादकाच्या किमतीच्या 10 टक्के, यांपैकी जे जास्त असेल ते. त्यातला तीन-चतुर्थांश वाटा प्रांतांकडे जातो. काही प्रांतांत यावर अधिभारही आहे.

हे ठरलं तेव्हा भाव ग्रॅमला 10 डॉलरच्या आसपास राहील असं गृहीत होतं. 10 डॉलरवर 1 डॉलर म्हणजे 10 टक्केच, दोन्ही हिशेब जुळतात. पण भाव कोसळला. समजा, उत्पादकाला प्रांताकडून ग्रॅमला 3 डॉलर मिळतात. शुल्क 1 डॉलरच. म्हणजे 10 टक्क्यांचा कर न बदलता 33 टक्क्यांचा झाला. उरलेल्या 2 डॉलरमध्ये वीज, मजुरी, चाचण्या, पॅकिंग, वाहतूक आणि हेल्थ कॅनडाचं वार्षिक नियामक शुल्क, जे मोठ्या उत्पादकाला उलाढालीच्या 2.3 टक्के ठरलं होतं. नफ्याच्या नव्हे, उलाढालीच्या. तोट्यातल्या कंपनीलाही ते चुकत नाही.

कांद्याचा हिशेब मांडा. भाव 40 रुपये किलो असताना किलोमागे 4 रुपये कर लावला, तर फारसं कोणी ओरडणार नाही. भाव 8 वर आला आणि कर 4 वरच राहिला, तर शेतकरी काय करेल? कांद्याला निदान बाजार समितीत पर्याय असतो, इथे तोही नाही.

अर्कावर शुल्क टीएचसीच्या मिलिग्रॅममागे 1 सेंट. 1000 मिलिग्रॅम टीएचसी असलेल्या नळीवर 10 डॉलर. वर ग्राहकाला विक्रीकर वेगळा, ऑन्टॅरिओत 13 टक्के.

‘मग सरकारने सरळ टक्केवारीच का नाही लावली?’ हा प्रश्न रास्त आहे. वजनावरचा कर मोजायला सोपा. कागदावर किंमत कमी दाखवून तो चुकवता येत नाही. माल फार स्वस्त होऊन खप वाढू नये, हाही हेतू असतो. दारू आणि तंबाखूवर हेच तर्क चालतात. अडचण एवढीच की त्या दोघांना समोर इतका मोठा, तयार, करमुक्त, घरपोच काळा बाजार नसतो. गांजाला तो होता, आणि कायद्याचं एक उद्दिष्ट तोच संपवायचं होतं. 2024 मध्ये आलेल्या तज्ज्ञ समितीच्या आढावा अहवालातही या शुल्काचा फेरविचार करण्याची शिफारस आहे. माझ्या मते हा बदल सर्वांत आधी व्हायला हवा होता.

शुल्क भरल्याची खूण म्हणून पाकिटावर शिक्का लागतो, आणि सुरुवातीपासून प्रत्येक प्रांताचा शिक्का वेगळ्या रंगाचा ठेवला. एका प्रांतासाठी पॅक केलेला माल तिथे पडून राहिला तर तो तसाच दुसऱ्या प्रांतात पाठवता येत नाही. फूल मात्र थांबत नाही. महिने गेले की ते कोरडं पडतं, वास उडतो.

## पण भाव पडलाच का?

आधी तुटवडा होता. 2018 च्या हिवाळ्यात दुकानांची फडताळं रिकामी होती. ऑन्टॅरिओत पहिल्या दुकानांसाठी सोडत काढली. सुमारे 1.4 कोटी लोकवस्तीच्या प्रांतात 1 एप्रिल 2019 रोजी दुकानं उघडायला सुरुवात झाली तेव्हा परवानगी होती फक्त 25 दुकानांना. तुटवडा पाहून सगळ्यांनी लागवड वाढवली. शेअर बाजारात कंपनीचं मोल तिच्या ‘वर्षाला किती टन’ या आकड्यावरून ठरत होतं, म्हणून जो तो काचघरं बांधत सुटला. कोरोना बिअरचं अमेरिकेतलं वितरण करणाऱ्या कॉन्स्टेलेशन ब्रँड्सने ऑगस्ट 2018 मध्ये कॅनोपी ग्रोथमध्ये 5 अब्ज कॅनेडियन डॉलर गुंतवण्याची घोषणा केली. कॅनोपीचं मुख्यालय स्मिथ्स फॉल्स गावातल्या हर्शीच्या बंद पडलेल्या चॉकलेट कारखान्यात होतं. मार्च 2020 मध्ये याच कंपनीने ब्रिटिश कोलंबियातली सुमारे 30 लाख चौरस फुटांची दोन ग्रीनहाऊसं बंद केली, आणि 2023 मध्ये तो कारखाना हर्शीलाच परत विकला.

एकट्या 2021 मध्ये देशभरात 400 टनांहून अधिक वाळलेला, पाकीटबंद न झालेला गांजा नष्ट करण्यात आला. ऊस लावणाऱ्या प्रत्येक गावाने हे चक्र पाहिलं आहे: एका वर्षीचा चढा भाव बघून सगळे लावतात आणि सगळ्यांचा माल एकदम येतो. कॅनडात लावणारे शेतकरी नव्हते, गुंतवणूकदारांचा पैसा होता, म्हणून आकडे मोठे झाले, इतकंच.

## काळा बाजार संपला का?

नाही, पण बराच आटला. 2019 च्या अखेरीस कॅनडाच्या सांख्यिकी विभागाने ग्राहकांकडून किमती गोळा केल्या तेव्हा कायदेशीर गांजा सरासरी ग्रॅमला 10.30 डॉलर आणि बेकायदा 5.73 डॉलर होता. त्या काळात कायद्याची वाट धरणारे कमी, यात नवल नाही. पुढे दुकानं 3 हजारांवर गेली, भाव उतरले, आणि 2023 च्या सरकारी पाहण्यांत सेवन करणाऱ्यांपैकी 70 टक्क्यांहून अधिक लोक कायदेशीर ठिकाणाहून खरेदी करतो असं सांगू लागले. ज्या भावघसरणीने कंपन्या बुडाल्या तिनेच काळ्या बाजाराचं गिऱ्हाईक ओढून आणलं. कायद्याचं यश आणि कंपन्यांचं अपयश ही एकाच घटनेची दोन टोकं आहेत, आणि हे लक्षात न घेता ‘कॅनडाचा प्रयोग फसला’ म्हणणं अन्यायाचं आहे.

जो बाजार उरला आहे त्याची कारणं ठरावीक. खाद्यपदार्थाच्या एका पाकिटात टीएचसी 10 मिलिग्रॅमपेक्षा जास्त चालत नाही, बेकायदा पाकिटात ते शेकड्यांत असतं. शिवाय वैद्यकीय परवान्यावर स्वतःपुरती लागवड करणाऱ्यांपैकी काहींचा माल बाहेर जातो.

## मुलांचं काय झालं?

किशोरवयीन मुलांमध्ये सेवनाचं प्रमाण आधीच जास्त होतं. कायद्यानंतर ते मोठी उडी मारून वाढलं नाही, मात्र फारसं घटलंही नाही. प्रौढांमध्ये वाढलं. खरी चिंता वेगळ्या वयाची निघाली. खाद्यपदार्थ 2019 च्या अखेरीस दुकानात आले, आणि त्यानंतर लहान मुलांनी घरातल्या गोळ्या चुकून खाल्ल्याने रुग्णालयात दाखल करण्याची वेळ येण्याचे प्रसंग वाढले. क्यूबेकने मिठाई आणि चॉकलेटच्या रूपातल्या मालावर बंदी ठेवली होती. तिथे ही वाढ इतर मोठ्या प्रांतांपेक्षा कमी राहिली. मुलांना न उघडणारी पाकिटं, 10 मिलिग्रॅमची मर्यादा, साधं वेष्टन हे सगळं असूनही हे घडलं, कारण एकदा पाकीट उघडलं की गोळी ओट्यावर उघडीच राहते. या बाबतीत क्यूबेकचा निर्णय बरोबर होता, असं मला वाटतं.

## हे सगळं आपल्यासाठी नवीन आहे का?

अजिबात नाही. 1893-94 मध्ये ब्रिटिश सरकारने नेमलेल्या भारतीय हेम्प ड्रग्ज आयोगाने देशभर साक्षी घेतल्या आणि सरसकट बंदी नको असा निष्कर्ष काढला. त्याऐवजी सुचवलं काय? परवान्याशिवाय लागवड नको, लागवड ठरावीक भागात एकवटावी, पुरेसा कर लावावा, दुकानांची संख्या मर्यादित ठेवावी, आणि जवळ बाळगण्यावर मर्यादा घालावी: गांजा किंवा चरस 5 तोळे. कॅनडाच्या कायद्याशेजारी हे कलमवार ठेवून पाहावं, सव्वाशे वर्षांचं अंतर जाणवत नाही. आपल्याकडे बंदी आली ती 1985 च्या एनडीपीएस कायद्याने. त्यातही व्याख्या फुलाफळांच्या शेंड्यांची आहे. शेंड्यांशिवायची पानं आणि बिया तिच्यात येत नाहीत, म्हणून भांग राज्यांच्या कायद्याखाली राहिली.

नियम आधी आणि बाजार नंतर, हा क्रम किती महत्त्वाचा असतो ते थायलंडने दाखवलं. जून 2022 मध्ये गांजा अमली पदार्थांच्या यादीतून काढला, पण विक्रीचा सविस्तर कायदाच केला नाही. हजारो दुकानं उघडली. जून 2025 मध्ये पुन्हा डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय विक्री बंद करावी लागली.

## कॅनडात असाल किंवा जाणार असाल तर

देशांतर्गत विमानप्रवासात 30 ग्रॅमपर्यंत नेता येतो. मात्र टोरंटो-व्हँकुव्हर विमान खराब हवामानामुळे अमेरिकेत उतरलं तर जबाबदारी प्रवाशाची, कारण अमेरिकेच्या केंद्रीय कायद्यात तो गुन्हाच आहे. कॅनडाच्या सीमेबाहेर नेणं किंवा आत आणणं, दोन्ही गुन्हे.

गाडी चालवल्यापासून दोन तासांच्या आत घेतलेल्या रक्तात मिलिलिटरमागे 2 नॅनोग्रॅम टीएचसी सापडलं तर दंड, 5 नॅनोग्रॅम असेल तर शिक्षा कडक, आणि सोबत दारूही ठरावीक प्रमाणात असेल तर 2.5 नॅनोग्रॅमही पुरतं. नशेत गाडी चालवण्याची कमाल शिक्षा डिसेंबर 2018 पासून 10 वर्षं झाली. त्यामुळे परदेशी नागरिकाच्या बाबतीत तो ‘गंभीर गुन्हा’ मोजला जातो: विद्यार्थी असो, नोकरीच्या परवान्यावर असो किंवा कायम रहिवासी, कॅनडात राहण्याचा हक्कच धोक्यात येतो. मराठी घरांतून शिकायला गेलेल्या मुलांना हे एक वाक्य सांगून ठेवावं.

आणि सुट्टीत घरी येताना बॅगेत राहिलेलं पाकीट. भारतात गांजाचं ‘अल्प प्रमाण’ 1 किलोपर्यंत, त्यालाही एक वर्षापर्यंत सक्तमजुरी. चरस आणि अर्काचं अल्प प्रमाण फक्त 100 ग्रॅम. मिश्रणाचं वजन करताना त्यातला तटस्थ पदार्थही धरायचा, असं सर्वोच्च न्यायालयाने 2020 च्या हिरा सिंग निकालात सांगितलं आहे. गोळीत टीएचसी 10 मिलिग्रॅमच आहे, बाकी सगळी साखर, हा युक्तिवाद मुंबई विमानतळावर कामाला येत नाही.